बुलेट ट्रेन आपल्या तालुक्यातून; आपल्या घरात काय?

भिवंडी तालुक्यातल्या आमच्या दिघाशी गावात रेल्वे नाही. मुंबईला जायचे म्हटले की अंबाडीला येऊन उभे राहायचे, मिळेल ती एस.टी. नाहीतर जीप धरायची, वाडा रस्त्याचे खड्डे अंगावर घेत भिवंडी गाठायची, आणि तिथून पुन्हा गाडी बदलून ठाणे किंवा कल्याण. भिवंडी रोड नावाचे स्टेशन आहे, दिवा-वसई मार्गावर. पण ठाण्या-कल्याणासारखी दर पाच-दहा मिनिटांनी लोकल तिथे येत नाही. अशा आमच्या तालुक्यातून देशातली पहिली बुलेट ट्रेन जाणार आहे. तिचे खांब उभे राहू लागल्यापासून बौद्धवाडीतल्या ओट्यावर दुसरा विषय नाही. पोरे विचारतात, "ती गाडी आपल्या अंबाडीला थांबणार का?" बायका विचारतात, "तिकीट किती?" आणि म्हातारी माणसे विचारतात, "जमीन कुणाची गेली?"

वाचकहो, आम्हांला वाटते, या तीन प्रश्नांत या गाडीचा सगळा हिशेब आहे. म्हणून तो आज आपल्या साप्ताहिकाच्या कुटुंबपानावर मांडतो.

आधी गाडीची माहिती. मुंबईच्या वांद्रे-कुर्ला संकुलापासून गुजरातच्या साबरमतीपर्यंत हा मार्ग ५०८ किलोमीटरचा आहे. त्यातले १५६ किलोमीटर महाराष्ट्रात, बाकीचे जवळजवळ सगळे गुजरातेत आणि चार किलोमीटर दादरा-नगर हवेलीत. स्थानके बारा. त्यातली आपल्या राज्यात चार : मुंबई, ठाणे, विरार आणि बोईसर. ठाण्याचे स्थानक दिव्याजवळ म्हातार्डीला. तिथून मार्ग उल्हास नदी ओलांडून आमच्या तालुक्यात येतो. गाड्या उभ्या करण्याचा आणि दुरुस्तीचा मोठा डेपो अंजूर-भरोडीच्या बाजूला होतो आहे. पुढे तालुक्याच्या खाडीकडच्या अंगाने मार्ग वसईकडे जातो. आमची दिघाशी त्या वाटेवर नाही. आम्हांला गाडी दिसणार नाही, पण आमची सोयरीक सगळी त्या गावांत आहे.

गाडीचा वेग ताशी ३२० किलोमीटर. एवढ्या वेगाच्या गाडीला साधा रूळ चालत नाही. आपल्या नेहमीच्या गाड्यांच्या दोन रुळांतले अंतर १६७६ मिलिमीटर असते, हिचे १४३५. त्यामुळे आपली लोकल किंवा पॅसेंजर त्या रुळांवर कधीच जाऊ शकणार नाही, आणि ती गाडी आपल्या रुळांवर येऊ शकणार नाही. मार्गात कुठेही फाटक नाही. बहुतेक मार्ग खांबांवरच्या पुलावरून जातो. मुंबईपासून शिळफाट्यापर्यंत मात्र २१ किलोमीटरचा बोगदा आहे आणि त्यातला सात किलोमीटरचा भाग ठाण्याच्या खाडीखालून जातो. भूकंपाची चाहूल लागताच वीज तोडून गाडी थांबवणारी यंत्रेही मार्गावर बसणार आहेत. हे सगळे तंत्र जपानचे.

जपानने अशी गाडी १ ऑक्टोबर १९६४ रोजी टोकियो ते ओसाका चालू केली. त्या देशाने महायुद्धात बेचिराख झाल्यावर वीस वर्षांच्या आत हे करून दाखवले, आणि तिथल्या या गाड्यांत टक्कर होऊन किंवा गाडी रुळावरून घसरून आजवर एकही प्रवासी दगावलेला नाही. याचे कौतुक केलेच पाहिजे. जपान हा बुद्धाला मानणारा देश. तिथून आलेले भदन्त सुरई ससाई नागपूरला राहिले, आपल्यातले झाले, भारताचे नागरिक झाले. म्हणून तिथून काही चांगले आले की आपल्याला परके वाटत नाही.

पण १९६४ हे साल आपल्या घरांत दुसऱ्याच कारणासाठी लक्षात आहे. त्याच वर्षी, ६ डिसेंबरला, कर्मवीर दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली भूमिहीनांचा देशव्यापी सत्याग्रह सुरू झाला. कसायला जमीन द्या, हे मुख्य मागणे. लाखो माणसे तुरुंगात गेली. बाया तान्ही मुले घेऊन गेल्या. तिकडे वेगवान गाडी धावू लागली त्याच सुमारास इकडे आपली माणसे दोन बिघे जमिनीसाठी तुरुंगाच्या दारात रांग लावून उभी होती. आज ती गाडी इकडे आली आहे. जमिनीचा प्रश्न मात्र कुठवर आला आहे, ते पुढे सांगतो.

रेल्वेचे आणि आपले नाते जुने आहे. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी आली. चौदा डबे, चारशे पाहुणे, तोफांची सलामी. हे सगळे शाळेच्या पुस्तकात आहे. पुढे बोरघाट फोडताना हजारो मजूर पटकीने, तापाने आणि दरडीखाली मेले. १८६३ साली घाटातून गाडी गेली, पण त्या मजुरांची नावे कुठल्या पुस्तकात नाहीत.

रेल्वेने माणसे एका बाकावर आणली हे खरे. पण स्टेशनाबाहेर पाऊल टाकले की जात पुन्हा समोर उभी राहायची. बाबासाहेबांनी ही गोष्ट स्वतः लिहून ठेवली आहे. १९०१ साली ते नऊ वर्षांचे असताना वडिलांना भेटायला साताऱ्याहून गोरेगावला निघाले. बरोबर थोरले बंधू आणि बहिणीची मुले. अंगावर नवे कपडे, डोक्यावर जरीची टोपी, खिशात दोन आणे. स्टेशनावर पोरांनी ऐटीत लेमोनेडची बाटली फोडली. मसूरला उतरले तोपर्यंत सगळे छान होते. स्टेशनमास्तरने प्रेमाने चौकशी केली आणि मुले महार आहेत हे कळताच तो मागे सरला. एकही गाडीवान बसवून घेईना. शेवटी दुप्पट भाडे देऊन, बैलगाडी स्वतः हाकण्याच्या बोलीवर मुले निघाली आणि गाडीवान बाजूने चालला. डबा बरोबर होता, पण पाणी कुणी देईना, म्हणून मुले उपाशीच झोपली. आगगाडी होती, तिकीट होते, पैसे होते. नव्हता तो फक्त माणूस म्हणून मान.

हेच बाबासाहेब १२ आणि १३ फेब्रुवारी १९३८ रोजी मनमाडला जी.आय.पी. रेल्वेच्या अस्पृश्य कामगारांच्या परिषदेचे अध्यक्ष होते. ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे कामगारांचे दोन शत्रू आहेत, हे त्यांनी तिथेच सांगितले. पण त्या भाषणातली एक बारीक गोष्ट आपण विसरतो. रेल्वेत आपला माणूस गँगमन म्हणून उन्हातान्हात खडी टाकायला चाले. स्टेशनावर पोर्टर म्हणून मात्र घेत नसत. कारण काय, तर पोर्टरला स्टेशनमास्तरच्या घरची कामेही करावी लागत आणि घरात विटाळ चालत नसे. गिरण्यांतही तसेच. विणाईच्या खात्यात चांगला पगार, पण धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागतो म्हणून तिथे आपल्याला मज्जाव. आमच्या भिवंडीच्या यंत्रमागांवर आज आपली पोरे काम करतात, त्यांना हे सांगितले तर खरे वाटत नाही. सांगण्याचे कारण एवढेच, की नवे यंत्र आले म्हणून जुनी उतरंड आपोआप मोडत नाही. ती मोडायला कुणीतरी उभे राहावे लागते.

आता जमिनीचा प्रश्न. या मार्गासाठी सगळी मिळून १३८९ हेक्टर जमीन घेतली गेली. जानेवारी २०२४ मध्ये हे काम पूर्ण झाल्याचे जाहीर झाले. त्याआधी २०१८ साली पालघर जिल्ह्यात अनेक आदिवासी गावांच्या ग्रामसभांनी विरोधाचे ठराव केले. विक्रोळीच्या एका बड्या कंपनीची जमीनही यात होती. ती उच्च न्यायालयात गेली आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये तिची याचिका फेटाळली गेली. तिच्या जमिनीचा मोबदला २६४ कोटी ठरला होता. ज्याच्याजवळ जमीन होती त्याला निदान भांडायला जागा होती. ज्याच्याजवळ नव्हती त्याचे काय?

आमच्या आत्याचे सासर खाडीकडच्या एका गावी आहे. मामा लवकर गेले. स्वतःची गुंठाभर जमीन नाही. एकाच मालकाच्या शेतावर तिने बावीस वर्षे काढली. राब भाजण्यापासून आवणी, बेणणी, कापणी, झोडणीपर्यंत सगळी कामे. त्या शेतातून मार्ग गेला. मालकाला मोबदला मिळाला, तो त्याच्या हक्काचाच. त्याबद्दल आत्याच्या मनात आकस नाही. मालकाच्या घरून तिला एक लुगडे आणि पायलीभर तांदूळ आला. ते घेऊन ती आमच्याकडे आली आणि म्हणाली, "बाळा, बावीस वर्षं मी त्या शेतात वाकले. माझं नाव कुठल्या कागदावर असेल का रे?"

आम्ही चौघे-पाचजण तिला घेऊन एका कार्यालयात गेलो. तिथल्या साहेबांनी सातबारा मागितला. सातबारा असता तर आत्या मजुरीला कशाला गेली असती? दुसऱ्यांदा गेलो तेव्हा कायदा वाचून गेलो.

वाचकहो, तो कायदा प्रत्येक घराने समजून घ्यावा असा आहे. भूमी संपादनाचा २०१३ चा कायदा १ जानेवारी २०१४ पासून लागू आहे. त्यात 'बाधित कुटुंब' कुणाला म्हणायचे हे लिहिले आहे. जमिनीचा मालक तर आहेच. पण संपादनाआधी तीन वर्षे त्या जमिनीवर ज्यांचे पोट मुख्यतः अवलंबून होते ते शेतमजूर, कूळ, वाटेकरी, कारागीर हेही बाधित कुटुंबच. अशा कुटुंबाच्या पुनर्वसनासाठी प्रकल्पात नोकऱ्या निघत असतील तर एकाला नोकरी, नाहीतर एकरकमी पाच लाख रुपये, नाहीतर वीस वर्षे दरमहा किमान दोन हजार, असे पर्याय कायद्याच्या अनुसूचीत आहेत. जमीन घेण्याची पहिली अधिसूचना निघाल्यापासून साठ दिवसांत हरकत नोंदवता येते. ही अधिसूचना वर्तमानपत्रात येते, पंचायतीत आणि तहसीलमध्ये लागते. आत्याच्या गावात ती लागली असेलही. पण पहाटे शेतावर जाणारी आणि अंधार पडल्यावर येणारी बाई ती कधी वाचणार? वाचायला तिला शिकवले कुणी?

कायदा कागदावर आहे म्हणून तो घरात चालत येत नाही. बावीस वर्षे काम केल्याचा पुरावा काय, असे विचारले गेले. हजेरीपट नाही, पावती नाही. मग आम्ही शेजारच्या शेतांतल्या पाच बायांचे जबाब लिहून घेतले, पंचायतीचा रहिवासाचा दाखला जोडला आणि अर्ज दिला. आत्याने अर्जावर सही केली. दोन वर्षांपूर्वी नातीने शिकवलेली सही. अर्जाची पोच घेतली. उत्तर अजून नाही. आत्या सध्या एका गोदामात खोकी बांधते आणि दर रविवारी विचारते, "काही आलं का?"

तुमचा दोन-चार गुंठ्यांचा तुकडा असला तरी सावध राहा. आपल्या पुष्कळ जमिनी महार वतनाच्या. त्या वतनाची गुलामी तोडण्यासाठी बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात विधेयक आणले होते. वतने प्रत्यक्ष संपली ती १९५८ च्या कायद्याने. त्या जमिनी परत मिळाल्या त्या नव्या शर्तीवर, म्हणून सातबाऱ्यावर 'भोगवटादार वर्ग २' असे लिहिलेले असते. पुष्कळ घरांत अजून पणजोबांचेच नाव चालू आहे. माणूस जाऊन पन्नास वर्षे झाली आणि वारसनोंद नाही. भाऊभाऊ एका चुलीवर होते तोवर अडले नाही. रस्ता, रेल्वे, गोदाम, काहीही आले की मग धावाधाव सुरू होते. मोबदला अडकतो आणि मधले दलाल मधला मलिदा खातात. आमच्या वस्तीत आम्ही यंदा वर्षावासात ठरवले : प्रत्येक घराने आपला सातबारा, आठ-अ आणि फेरफार काढून विहारात आणायचा. एक शिकलेला मुलगा तो वाचून दाखवील. सात घरांत वारसनोंद राहिलेली निघाली. मुलींची नावे तर त्याहून जास्त घरांत नव्हती. भावांनी बहिणींची नावे लावायची, यावर दोन रविवार वाद झाला आणि शेवटी लावायचे ठरले. बाबासाहेबांनी हिंदू कोड बिलासाठी मंत्रिपद सोडले आणि आपण सातबाऱ्यावर बहिणीचे नाव लावायला मागेपुढे पाहावे, हे शोभत नाही, असे एक वयस्क उपासिका म्हणाल्या, तेव्हा कुठे ओटा गप्प झाला.

आता तिकिटाचा प्रश्न. या प्रकल्पाचा सुरुवातीचा अंदाज सुमारे १ लाख ८ हजार कोटींचा होता. त्यातले ८१ टक्के जपानचे कर्ज, ०.१ टक्के व्याजाने, पन्नास वर्षांत फेडायचे. व्याज कमी आहे हे खरे. पण आज पाळण्यात असलेले पोर आजोबा होईल तेव्हा शेवटचा हप्ता जाईल. म्हणजे फेडणारे आपलेच नातू-पणतू. मग त्यांना त्यातून काय मिळणार, हे विचारण्याचा हक्क आपल्याला आहे.

१४ सप्टेंबर २०१७ रोजी अहमदाबादला पंतप्रधान नरेंद्र मोदी आणि जपानचे त्या वेळचे पंतप्रधान शिंझो आबे यांनी या गाडीचा पायाभरणी समारंभ केला. त्यानंतर बरोबर पंधरा दिवसांनी, २९ सप्टेंबरला, मुंबईच्या एल्फिन्स्टन रोड स्टेशनच्या अरुंद पुलावर चेंगराचेंगरीत २३ माणसे मेली. सगळी कामाला निघालेली माणसे. ९ जून २०२५ ला दिवा-मुंब्र्याच्या दरम्यान गच्च भरलेल्या लोकलमधून माणसे पडून दगावली. बुलेटचे ठाणे स्थानक त्याच दिव्याशेजारी होते आहे. दरवर्षी ६ डिसेंबरला आपले लोक नागपूर-विदर्भाकडून साध्या डब्यांत उभ्याने, दाराशी बसून, पोरांना मांडीवर घेऊन दादरला चैत्यभूमीवर येतात. त्यांना ताशी ३२० किलोमीटर नको आहेत. त्यांना बसायला जागा, प्यायला पाणी आणि बायांना धड संडास हवा आहे.

म्हणून आम्ही बुलेटच्या विरोधात आहोत का? वस्तीत यावर दोन मते आहेत आणि दोन्ही मते मांडणारी माणसे आपलीच आहेत. तरुण पोरे म्हणतात, यंत्राला शिव्या देऊन आपण मागे राहू. बाबासाहेब १९४२ ते १९४६ या काळात मजूरमंत्री होते तेव्हा धरणे, वीज, पाणी यांच्या मोठ्या योजनांचे त्यांनी स्वागतच केले. हे खरे आहे. पण त्याच मजूरमंत्र्यांनी कामाचे आठ तास आणि बायांना बाळंतपणाची रजा यांचाही पाठपुरावा केला. यंत्र आणि माणूस हे दोन्ही त्यांनी एकाच वेळी पाहिले. आपणही तसेच पाहावे. तानसा-वैतरणाचे पाणी आमच्या तालुक्यातून मोठमोठ्या नळांनी मुंबईला जाते आणि नळाशेजारच्या पाड्यांत बाया उन्हाळ्यात हंडे घेऊन फिरतात. बुलेटचेही तसेच होऊ नये, एवढेच आमचे म्हणणे.

पोरांना आम्ही एक जुनी गोष्ट सांगितली. अंगुलिमाल तलवार घेऊन भगवान बुद्धांच्या मागे धावत सुटला. बुद्ध संथ चालत होते, तरी तो त्यांना गाठू शकला नाही. थांब म्हणून तो ओरडला, तेव्हा बुद्धांनी त्याला सांगितले, मी तर केव्हाच थांबलो आहे, आता तू थांब. एका पोराने लगेच विचारले, "मग बुद्ध बुलेटमध्ये बसले असते का?" सगळे हसले. एक आजी म्हणाल्या, "बसले असते की! पण आधी विचारलं असतं, या रुळाखाली कुणाची चूल होती." विरारच्या पलीकडे सोपारा आहे. तिथे १८८२ साली बुद्धकालीन परंपरेचा स्तूप सापडला. आमच्याच तालुक्यात लोणाडला लेणी आहे. कल्याण-सोपाऱ्याच्या व्यापाऱ्यांनी दाने दिल्याचे लेख कान्हेरीच्या लेण्यांत आहेत. या वाटांवरून एके काळी भिक्खू पायी चालले. वाटेवरच्या माणसाला विचारत चाललेल्या धम्माचे आपण वारस आहोत.

आता पुढचे. मार्ग बांधणाऱ्या ठेकेदारांकडे आरक्षण नाही. पण गाडी चालवणारे महामंडळ सरकारी आहे; केंद्राबरोबर महाराष्ट्र आणि गुजरात सरकारचा त्यात पैसा आहे. तिथल्या नोकरभरतीला घटनेने दिलेले आरक्षण लागू आहे. डेपो आमच्या तालुक्यात. तिथे इलेक्ट्रिशियन, फिटर, सिग्नल आणि रूळ पाहणारे तंत्रज्ञ लागतील. ते काम झाडलोटीच्या ठेक्यावर आपल्या वाट्याला येऊ नये, हत्यार हातात घेऊन यावे. आय.टी.आय.चा दाखला, जातीचा दाखला आणि जातवैधता आताच तयार ठेवा. जाहिरात आल्यावर धावू नका. १९३८ साली आपल्याला पोर्टरही होऊ देत नव्हते. आता आपल्या मुलीने त्या डेपोत अभियंता म्हणून पाऊल टाकले पाहिजे.

आत्याची नात यंदा भिवंडीला आय.टी.आय.ला इलेक्ट्रिशियनच्या वर्गात बसली आहे. वस्तीतल्या घरांनी दर महिन्याला पन्नास-पन्नास रुपये काढून तिच्या गाडीभाड्याची सोय केली आहे. आपापल्या वस्तीत असे एक मूल शोधा. आणि ग्रामसभेला जा. बायांनी तर जाच. नोटीस कुठली लागली, ते पाहून येण्यासाठी आठवड्यातून एकदा एका घराची पाळी लावा. आम्ही लावली आहे. सोमवारी कोण जाणार ते विहाराच्या फळ्यावर खडूने लिहिलेले असते.

जयभीम.